जुन्या अभिजात नाटकांतले खलनायक नायकापेक्षा जास्त लक्षात का राहतात? आणि त्यांच्या दुष्टपणाला लेखकाने कारण द्यायला हवं का?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय की शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो'तला खलनायक इयागो हे सगळं का करतो ते शेवटपर्यंत कळत नाही, म्हणून तो तुम्हाला अर्धवट लिहिलेला वाटतो. आणि तरीही ऑथेल्लोपेक्षा तोच डोक्यात घोळत राहतो. आधी लक्षात राहण्याबद्दल बोलतो. ते सोपं आहे.

खलनायक लक्षात राहतो कारण तो आपल्याशी बोलतो. नायक बिचारा नाटकातल्या माणसांशी बोलण्यात गुंतलेला असतो. शेक्सपिअरचं 'तिसरा रिचर्ड' सुरूच होतं ते रिचर्डच्या स्वगताने. लढाया संपल्या, सगळे प्रेमाबिमात पडलेत, माझ्या या वेड्यावाकड्या देहाला ते जमणार नाही, तेव्हा मी दुष्ट व्हायचं ठरवलंय, असं तो सरळ सांगून टाकतो. पुढच्याच प्रवेशात तो अ‍ॅनला गाठतो. तिच्या नवऱ्याला यानेच मारलेलं, सासऱ्यालाही यानेच, आणि ती त्या सासऱ्याच्या प्रेतासोबत निघालेली. तिथे, त्या प्रेताशेजारी, तो तिला वळवतो. ती गेल्यावर आपल्याकडे वळून विचारतो, अशा मनःस्थितीतल्या बाईला कुणी कधी असं जिंकलंय का? प्रेक्षागृहात हशा पिकतो. मीही हसलोय. हसलो म्हणजे त्या कटात आपलीही सही झाली.

ही युक्ती शेक्सपिअरने शून्यातून काढलेली नाही. त्याच्या आधीच्या इंग्रजी नीतिनाट्यांत 'व्हाइस' नावाचं पात्र असायचं. ते प्रेक्षकांशी थट्टामस्करी करत करत नाटकातल्या भोळ्या माणसाला बिघडवायचं. तिसऱ्या अंकात रिचर्ड स्वतःची तुलना त्याच्याशीच करतो. (त्याच्या कुबडाबद्दल जाता जाता: २०१२ साली लेस्टरमध्ये एका वाहनतळाखाली खऱ्या रिचर्डचा सांगाडा मिळाला. पाठीचा कणा खरोखर वाकडा होता. नाटकात वाळून गेलेला म्हणून दाखवलेला हात मात्र धडधाकट निघाला. मन वाकडं तर शरीरही वाकडं, ही जुन्या लेखकांची सवय मला कायम आळशीपणाची वाटत आली आहे.)

आता कारणाबद्दल. इयागो कारणं देतच नाही असं नाही, उलट भरपूर देतो. बढती कॅसिओला मिळाली. ऑथेल्लोने माझ्या बायकोशी संबंध ठेवला असा संशय आहे. कॅसिओवरही तोच संशय आहे. ऑथेल्लोची बायको डेस्डेमोना मलाही आवडते. पाचव्या अंकात तर तो म्हणतो की कॅसिओच्या जगण्यात रोजचं असं एक सौंदर्य आहे की त्यापुढे मी कुरूप दिसतो. ही एवढी कारणं पाहूनच कवी-समीक्षक कोलरिजने लिहून ठेवलं की हेतूच नसलेला दुष्टावा इथे हेतू हुडकत फिरतोय. शेक्सपिअरने ज्या इटालियन कथेवरून नाटक रचलं त्या चिंथिओच्या कथेत (१५६५) भानगड सरळ आहे: ध्वजधारी सैनिकाचं डिस्डेमोनावर मन बसतं, ती दाद देत नाही, मग तो सूड घेतो. म्हणजे पक्कं कारण शेक्सपिअरच्या हातात आयतं होतं. ते त्याने पातळ करून टाकलं. शेवटी सगळे इयागोला विचारतात, का केलंस? तो म्हणतो, मला काही विचारू नका, तुम्हाला जे ठाऊक आहे ते ठाऊक आहे, यापुढे मी एक शब्द बोलणार नाही. आपल्याशी सगळ्यात जास्त बोललेला माणूस नेमका तिथे तोंड मिटतो. याला मी अर्धवट लिखाण म्हणणार नाही.

पण खरं सांगू? कारण असावं की नसावं हा वाद मला हल्ली फारसा महत्त्वाचा वाटत नाही. अनेक वर्षं ही नाटकं वाचून आणि थोडीफार करून माझी नजरच दुसरीकडे सरकली आहे. मी आता खलनायकाकडे कमी बघतो. त्याने ज्याच्याकडे मदत मागितली त्याच्याकडे जास्त बघतो. कारण मोठ्या नाटकांत दुष्ट माणूस एकट्याने फार काही करू शकत नाही. त्याला कुणाचा तरी हात लागतो, कुणाची तरी सही लागते, नाहीतर निदान कुणीतरी गप्प बसावं लागतं.

हे मला कळलं ते 'किंग लियर'च्या एका हौशी प्रयोगात. मला काम मिळालं होतं सेवकाचं. त्याला नाव नाही. संहितेत तो नुसता 'पहिला सेवक' आहे, ओळी हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. तिसऱ्या अंकाच्या शेवटी म्हाताऱ्या ग्लॉस्टरला त्याच्याच घरात खुर्चीला बांधतात आणि कॉर्नवॉलचा सरदार त्याचे डोळे काढतो. सरदार नोकरांना हुकूम सोडतो, खुर्ची धरा. म्हणजे माझं काम काय, तर खुर्ची धरणं. तालमीत मी ती नुसती धरून उभा राहायचो, आपली ओळ कधी येते याची वाट बघत. एका तालमीत दिग्दर्शक म्हणाला, "तू फर्निचर धरलेलं नाहीस, माणूस धरलायस." त्या दिवसापासून त्या खुर्चीचा पाठीकडचा लाकडी दांडा हाताला वेगळाच लागायला लागला.

पहिला डोळा जातो. सरदाराची बायको रीगन म्हणते, दुसराही काढा. आणि तिथे हा सेवक बोलतो: महाराज, हात आवरा. लहानपणापासून तुमची चाकरी केली, पण आता तुम्हाला थांबवतोय याहून मोठी चाकरी कधी केली नाही. तलवारी निघतात. तो सरदाराला जखमी करतो, रीगन मागून येऊन त्याला भोसकते. सरदार त्याच जखमेने पुढे मरतो. नाटकातल्या राजकारणाचा तोल एका बिननावाच्या नोकराने पालटलेला असतो, आणि त्यानंतर त्याचं नावही कुणी काढत नाही. ते काढणार तरी कसं, नाव आहे कुठे? मात्र एक गोष्ट मी विसरू शकत नाही: पहिला डोळा जाईपर्यंत त्यानेही खुर्ची धरलेलीच होती.

या प्रवेशात एक भाषेची गंमत आहे. इंग्रजीत खलनायकाला 'व्हिलन' म्हणतात. त्या शब्दाचं मूळ शेतावर राबणाऱ्या कुळवाडी माणसात आहे. जहागिरीच्या जमिनीला बांधलेला, म्हणजे हलका, म्हणजे नीच, असा त्या शब्दाचा प्रवास झाला. सेवक आडवा येतो तेव्हा सरदार त्याला हाच शब्द फेकून मारतो, आणि रीगन चिडते ती, एक शेतकरी असा उभा राहतो म्हणून. आंधळ्या झालेल्या ग्लॉस्टरलाही हाच शब्द वापरून बाहेर काढतात. म्हणजे ज्या प्रवेशात डोळे काढले जातायत तिथे डोळे काढणारे सोडून बाकी सगळे 'व्हिलन'. शब्द कुणाच्या हातात असतो ते शेक्सपिअरला पुरेपूर माहीत होतं.

त्या प्रवेशाच्या अगदी शेवटी उरलेले दोन सेवक म्हाताऱ्याच्या रक्ताळलेल्या चेहऱ्यावर लावायला जवसाचा काथ्या आणि अंड्याचा पांढरा बलक आणायला निघतात. १६०८ च्या छापील प्रतीत हे आहे, १६२३ च्या संग्रहात गाळलेलं आहे. दिग्दर्शक पीटर ब्रूकने १९६२ च्या आपल्या गाजलेल्या प्रयोगात हा तुकडा काढून टाकला होता. त्याला प्रेक्षकांना दिलासा द्यायचा नव्हता. बाकी ब्रूकबद्दल मला आदर आहे, पण इथे मी त्याच्याशी भांडेन. तो तुकडा मला दिलासा वाटतच नाही. उलट त्यामुळे कळतं की मदत करता येत होती, आणि आधीही करता आली असती.

'ऑथेल्लो'त या जागी एमिलिया आहे, इयागोची बायको. ऑथेल्लोने डेस्डेमोनाला दिलेला, इयागो पुढे तिच्या व्यभिचाराचा पुरावा म्हणून वापरतो तो रुमाल एमिलियाला सापडतो. नवऱ्याने शंभरदा मागितलेला, म्हणून ती देऊन टाकते. तो त्याचं काय करणार ते देवालाच माहीत, म्हणते. थोड्या वेळाने डेस्डेमोना कासावीस होऊन विचारते, रुमाल कुठे गेला असेल गं? एमिलिया म्हणते, मला माहीत नाही. सगळं नाटक त्या एका छोट्या खोट्यावर तोललेलं आहे. इयागोच्या लांबलचक स्वगतांपेक्षा मला ते जास्त भीती घालतं, कारण इयागो होणं कठीण आहे, पण "मला माहीत नाही" हे मीही म्हणालेलो आहे. शेवटी ती बोलते, नवरा गप्प राहा म्हणत असताना बोलते, आणि जिवाला मुकते.

मी वर सहीबद्दल म्हटलं, ती सही 'तिसरा रिचर्ड'मध्ये जवळजवळ शब्दशः आहे. तिसऱ्या अंकात एक लेखनिक एकटाच रंगमंचावर येतो, हातात कागद. रिचर्डने ज्याला मारवलं त्या सरदार हेस्टिंग्जवरचं आरोपपत्र त्याने सुवाच्य अक्षरात उतरवलंय. तो हिशोब मांडतो: नक्कल करायला मला अकरा तास लागले, मूळ मसुद्यालाही तेवढेच लागले असतील, आणि पाच तासांपूर्वी तर हेस्टिंग्ज जिवंत होता, त्याच्यावर आरोपसुद्धा नव्हता. मग तो विचारतो, ही लबाडी दिसणार नाही इतका मठ्ठ कोण आहे? आणि दिसते असं म्हणण्याइतका धीट तरी कोण आहे? चौदा ओळी, की गेला. परत येत नाही. कागद मात्र त्याने नीट पूर्ण केलेला असतो. पुष्कळ प्रयोगांत हा प्रवेश वेळ वाचवायला कापतात. मी दिग्दर्शक असतो तर बाकी काहीही कापलं असतं.

तुम्ही म्हणाल, ही शेक्सपिअरची खोड झाली. तर मग युरिपिडीसची मीडिया घ्या, ख्रिस्तपूर्व ४३१ (त्या वर्षीच्या स्पर्धेत त्याला तिसरं, म्हणजे शेवटचं स्थान मिळालं होतं). नवऱ्याने टाकलं म्हणून स्वतःच्या मुलांना मारणारी ही मीडिया खलनायिका आहे का, यावर रात्रभर वाद घालता येईल. आपण काय अघोर करायला निघालोय हे मला कळतं, पण माझा संताप माझ्या विचारांहून बलवान आहे, असं ती स्वतःच म्हणते. आपल्याकडे दुर्योधनाच्या तोंडी घातलेला 'जानामि धर्मं न च मे प्रवृत्तिः' हा श्लोक याचा सख्खा भाऊच. (तो महाभारताचा म्हणून सांगतात, पण महाभारतात नाही, 'पांडवगीता' नावाच्या स्तोत्रात आहे.) पण मला खिळवतात त्या कॉरिंथच्या बायका, म्हणजे तिथला कोरस, मंचावर असणारा गायकांचा समूह. मीडिया सुरुवातीलाच त्यांच्याकडे एकच गोष्ट मागते: गप्प बसा. त्या कबूल होतात. पुढे घरातून मुलांच्या किंकाळ्या येतात. बायका आपापसात म्हणतात, आत जाऊ का? पोरांना वाचवायला हवं. आणि जात नाहीत. ग्रीक नाटकात कोरस सहसा आपली जागा सोडत नाही, हा रंगभूमीचा संकेत. युरिपिडीसने तो संकेत घेऊन त्यातून माणसांचा स्वभाव दाखवला.

द्यूतसभेत विकर्ण उठतो हे सगळ्यांना माहीत असतं. पण त्याच्याही आधी एक प्रातिकामी आहे, नुसता निरोप्या. द्रौपदीला घेऊन ये म्हणून त्याला पाठवतात. ती त्याला प्रश्न देऊन परत पाठवते, आणि तो खरोखर परत येऊन तो प्रश्न भर सभेत विचारतो. पुन्हा जा म्हटल्यावर अडखळतो. दुर्योधन म्हणतो, हा भीमाला घाबरला, दुःशासना, तूच जा. मिल्टनच्या 'पॅराडाइज लॉस्ट'मध्येही सैतानाच्या छावणीतून अब्दिएल नावाचा एकटा देवदूत उठून जातो. सैतान नायकाला खाऊन टाकतो अशी त्या काव्याबद्दलची तक्रार जुनी आहे. ब्लेक तर म्हणाला की मिल्टन नकळत सैतानाच्याच पक्षाचा होता. वक्तृत्वाला भुलू नये म्हणून लेखकाने काय करावं याचं सगळ्यात कडक उत्तर दान्तेने आधीच दिलेलं आहे: त्याचा सैतान बर्फात छातीपर्यंत गोठलेला, तीन तोंडांनी तीन विश्वासघातक्यांना चावतोय, आणि एक अक्षर बोलत नाही. 'मॅकबेथ' मी मुद्दाम सोडून देतोय. तिथे खून करणारा आणि त्यासाठी ज्याचं मन वळवावं लागतं तो एकच माणूस आहे, त्यावर वेगळं उत्तर लिहावं लागेल.

आता ज्याच्यासाठी मी खरं तर लिहायला बसलो तो शकार, शूद्रकाच्या 'मृच्छकटिक' या संस्कृत नाटकातला. मराठी रंगभूमीवर गोविंद बल्लाळ देवलांनी इयागोलाही आणलं ('झुंझारराव', १८९०) आणि शकारालाही ('संगीत मृच्छकटिक'). मग १८९९ साली 'शारदा' लिहिताना त्यांना कुणी महादुष्ट लागलाच नाही. हावरट बाप कांचनभट, बोहल्यावर चढायला निघालेला म्हातारा भुजंगनाथ आणि मधला दलाल भद्रेश्वर दीक्षित, एवढ्यावर भागलं.

शूद्रकाचा शकार म्हणजे राजाचा मेहुणा. 'स'चा 'श' करतो म्हणून शकार. पुराणातल्या गोष्टींची अशी खिचडी करतो की नाटकाची नायिका, गणिका वसंतसेनेला म्हणतो, रावणाच्या तावडीत कुंती सापडावी तशी तू माझ्या तावडीत सापडलीस. प्रेक्षक हसतात. आठव्या अंकापर्यंत आपण त्याला विदूषकाचाच चुलतभाऊ समजत असतो. मग वसंतसेना चुकून त्याच्या गाडीत बसून पुष्पकरंडक उद्यानात येते, त्याला नकार देते, आणि तो सोबतच्या विटाला, म्हणजे आपल्या पदरच्या रंगेल सोबत्याला म्हणतो, हिला मार. विट कानांवर हात ठेवतो. शकार म्हणतो, कुणी बघत नाहीये. विट म्हणतो, दाही दिशा बघतायत, वनदेवता, चंद्र, सूर्य, वारा, आकाश, माझा अंतरात्मा, ही जमीन, सगळे बघतायत. त्यावर शकाराचं उत्तर: मग पदराने झाकून मार! मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा हसलो आणि हसता हसता अंगावर काटा आला. सत्ता आणि बिनडोकपणा एकत्र आले की काय तयार होतं ते या एका वाक्यात आहे. इयागोसारखी बुद्धी दुष्टपणाला लागतेच असं नाही.

मग तो आपल्या गुलामाला, स्थावरकाला, बोलावतो. सोन्याची कडी देईन. घेईन, म्हणतो स्थावरक. सोन्याचं आसन देईन. बसेन. सगळ्या नोकरांचा मुकादम करीन. होईन. फक्त एक काम कर. अकार्य सोडून काहीही सांगा. हिला मार. तेव्हा तो म्हणतो, धनी, तुमची सत्ता माझ्या शरीरावर आहे, चारित्र्यावर नाही. कुणाला घाबरतोस? परलोकाला. परलोक म्हणजे कोण? पुण्याचं आणि पापाचं फळ. पुण्याचं फळ कसं असतं? तुमच्यासारखं, अंगभर सोनं. आणि पापाचं? माझ्यासारखं, दुसऱ्याच्या तुकड्यावर जगणं. म्हणून आणखी पाप करणार नाही. यातला उपरोध बघा. ज्या समजुतीने त्याला गुलाम ठेवलंय तीच समजूत ढाल करून तो धन्याला नकार देतो. शकार त्याला बडवतो, विटाला युक्तीने दूर पाठवतो आणि स्वतःच वसंतसेनेचा गळा आवळतो. ती मेली असं समजून आळ तिच्या प्रियकरावर, चारुदत्तावर घालतो.

दहाव्या अंकात चारुदत्ताला वधस्थानाकडे नेतायत. स्थावरकाला शकाराने वाड्याच्या माडीवर बेड्या घालून कोंडलेलं. तो ओरडतो, पण आवाज पोचत नाही. म्हणून तो मोडक्या खिडकीतून खाली उडी टाकतो आणि सगळ्यांसमोर खरं सांगतो. शकार गुपचूप त्याच्या हातात सोन्याचं कडं सरकवतो, बदल साक्ष. स्थावरक ते कडं वर धरून लोकांना दाखवतो: बघा, मला लाच देतोय. शकार ते हिसकावून घेतो: हेच ते कडं! याने चोरलं म्हणून मी याला मारलं होतं, म्हणून हा आता खोटं बोलतोय. पटत नसेल तर त्याची पाठ बघा. आणि लोक पाठ बघतात. पाठीवर वळ असतात. खून करायला नकार दिल्याचे ते वळ त्याच्याविरुद्धचा पुरावा ठरतात. स्थावरक म्हणतो, गुलामी ही अशी असते, खरंसुद्धा कुणाला पटवता येत नाही.

तिसऱ्या रिचर्डच्या त्या लेखनिकाला हे ऐकवायला हवं होतं. त्याच्यावर निदान लोकांनी विश्वास ठेवला असता.

शेवटाला वसंतसेना जिवंत येते आणि पारडं फिरतं. जमाव शकाराला मारायला धावतो, तो चारुदत्ताच्या पायाशी लोळण घेतो. चारुदत्त म्हणतो, शरण आलेल्यावर शस्त्र नको, याला उपकाराने मारा. 'जे खळांची व्यंकटी सांडो' लहानपणापासून म्हणणाऱ्या आपल्याला हे ओळखीचं वाटतं. तरी कबूल करतो, दर वेळी मला तो शकार जरा स्वस्तात सुटल्यासारखा वाटतो. त्याला शिक्षा नाही, त्याचं मन पालटल्याचंही शूद्रक दाखवत नाही.

मग कुणीतरी विचारतं, या स्थावरकाचं काय करायचं? चारुदत्ताचं उत्तर अगदी छोटं आहे. 'अदासो भवतु.' तो दास न राहो.